पुराणातील मंडळी समाजमाध्यमांवर : खरा विनोद मूळ कथेतच आहे

शमीवृक्ष (धागाकर्ता)

देवादिकांच्या हाती मोबाइल देणारे विनोद मला मनापासून आवडतात. संजयाने कुरुक्षेत्राचे थेट प्रक्षेपण केले, नारदाइतके अनुयायी त्रैलोक्यात कोणालाच नव्हते, अज्ञातवासात पांडवांनी जुनी खाती बंद करून नवी उघडली, अशा कल्पना वाचताना येणारे हसू अगदी खरे असते. मात्र गेले वर्षभर महाभारत आणि भागवत सवडीने, भाषांतर शेजारी ठेवून वाचत असताना एक गोष्ट लक्षात आली आणि तिच्यासाठीच हा धागा काढत आहे. आपण वरून जोडलेल्या विनोदापेक्षा मूळ प्रसंग पुष्कळदा अधिक मजेदार असतो, आणि आजच्या आपल्या वागण्याला तो अधिक नेमका लागू पडतो.

संजयाचेच पाहा. भीष्मपर्वात व्यास त्याला दिव्यदृष्टी देतात हे खरे. पण पुढे घडते ते असे की युद्धाचे दहा दिवस उलटल्यावर संजय रणांगणावरून येतो आणि भीष्म पडल्याचे धृतराष्ट्राला एकदम सांगून टाकतो. राजा शोक करतो, हे घडलेच कसे म्हणून पुन्हा पुन्हा विचारतो, आणि मग कुठे संजय पहिल्या दिवसापासून सांगू लागतो. गीतासुद्धा या ओघातच येते, म्हणजे धृतराष्ट्राने ती ऐकली तेव्हा भीष्म शरशय्येवर आहेत हे त्याला आधीच ठाऊक होते. आधी हादरवणारा मथळा आणि नंतर तपशील, ही मांडणी थेट प्रक्षेपणापेक्षा आपल्या रोजच्या अनुभवाच्या कितीतरी जवळची आहे.

दुसरा प्रसंग स्यमंतक मण्याचा. गणेश चतुर्थीला चंद्र दिसला की खोटा आळ येतो आणि त्यावर उतारा म्हणून ही कथा ऐकायची, हे आपल्यापैकी बहुतेकांना घरातूनच माहीत असते. रोज आठ भार सोने देणारा हा मणी उग्रसेनाला द्यावा, असे कृष्ण सत्राजिताला सुचवतो आणि सत्राजित नकार देतो. पुढे त्याचा भाऊ प्रसेन मणी गळ्यात घालून शिकारीला जातो आणि परतच येत नाही. तेव्हा सत्राजित जे म्हणतो ते भागवताच्या दशम स्कंधात शब्दशः आहे : ‘प्रायः कृष्णेन निहतो’. कृष्णाने मारले असे तो म्हणत नाही, ‘प्रायः’ म्हणतो, म्हणजे बहुधा. आणि हे ऐकून लोकांनी काय केले? ‘कर्णे कर्णेऽजपन् जनाः’, कानोकानी कुजबुज केली. आपल्या मराठीतला ‘कर्णोपकर्णी’ हा शब्द अशाच चित्रातून आलेला आहे. ‘खात्री नाही, पण आले तसे पुढे पाठवत आहे’ असे लिहिणाऱ्या प्रत्येकाचा मूळपुरुष मला या एका ‘प्रायः’मध्ये दिसला.

सर्वांना विनंती आहे की असेच प्रसंग येथे लिहावेत. प्रसंग कोणत्या ग्रंथात येतो ते जरूर सांगावे, आणि केवळ ऐकलेला असेल तर तसेही स्पष्ट म्हणावे.

उत्तररंग

उत्तम विषय. यात एक भर अशी की देवांना आजच्या काळात आणून हसवणे ही आपल्याकडे काही नवी गोष्ट नाही. गणगवळणीत कृष्ण मथुरेच्या बाजाराला निघालेल्या गौळणींची वाट अडवतो आणि दाण मागतो, तेव्हा पेंद्या आणि मावशी यांच्या तोंडी जे बोलणे असते ते नेहमीच त्या वर्षीचे, त्या गावचे असते. कोकणातल्या दशावतारात काळ्या वेषातला, लांब जीभ लावलेला संकासुर येतो, वेद पळवणारा दैत्य म्हणून. पण तो बोलतो मात्र समोर बसलेल्या गावकऱ्यांच्या भाषेत आणि त्यांच्याच भानगडींविषयी. देवाच्या मोबाइलवरचे विनोद हे त्याच परंपरेतले आहेत, म्हणून त्यांना हलके समजू नये.

नारदाविषयी मात्र मला थोडे सविस्तर लिहायचे आहे, कारण त्याच्यावर अन्याय झाला आहे असे माझे मत आहे. आपल्या भाषेत एकीकडे ‘कळीचा नारद’ आहे आणि दुसरीकडे ‘नारदाची गादी’ आहे. कीर्तनकार ज्या जागी उभा राहतो त्या जागेला ज्याचे नाव दिले, त्याच व्यक्तीला भांडणे लावणारा ठरवले. विनोदांमध्ये फक्त पहिला नारद येतो. सभापर्वात तो युधिष्ठिराच्या नव्या सभेत येतो तेव्हा जे करतो ते वाचून मी चकित झालो होतो. तो एकामागून एक प्रश्न विचारत सुटतो आणि ‘कच्चित्’ या शब्दाने सुरू होणाऱ्या त्या प्रश्नांनी जवळजवळ अख्खा अध्याय भरला आहे. सैन्याचे वेतन आणि धान्य ठरल्या वेळी देतोस ना, की रखडवतोस? राज्यात ठिकठिकाणी भरलेले तलाव आहेत ना, की शेती केवळ पावसावर सोडली आहेस? अडचणीतल्या शेतकऱ्याला बियाणे आणि शेकडा एक अशा व्याजाने कर्ज देतोस ना? त्या लखलखत्या सभेत येऊन, तिचे कौतुक करण्याआधी, राजाला समोरासमोर वेतन आणि पाणी यांचा जाब विचारणारा हा नारद आहे. त्याला अनुयायी किती होते ते ठाऊक नाही, पण त्याच्यासारखे प्रश्न विचारणारे खाते मी आजच अनुसरले असते.

पाटीपेन्सिल

नारदाचा विषय निघालाच आहे म्हणून लिहिते. ‘प्रणम्य शिरसा देवं’ हे संकटनाशन स्तोत्र लहानपणी पाठ केलेले आहे. ते ‘नारद उवाच’ असे सुरू होते. त्याचा शेवट किती जणांनी अर्थ लावून म्हटला आहे? ‘अष्टभ्यो ब्राह्मणेभ्यश्च लिखित्वा यः समर्पयेत्’, जो हे लिहून आठ ब्राह्मणांना देईल त्याला सर्व विद्या प्राप्त होईल. अकरा जणांना पाठवा आणि शुभ वार्ता मिळवा, या संदेशाची ही थेट पूर्वज आहे, हे लक्षात आले तेव्हा मी म्हणता म्हणता थांबून हसले आणि आजीने विचारले की काय झाले.

शमीवृक्ष (धागाकर्ता)

पाटीपेन्सिल, हे उदाहरण अप्रतिम आहे. फरक एवढाच नोंदवतो की स्तोत्रातल्या फलश्रुतीत आमिष आहे, धमकी नाही. मधल्या काळात पोस्टकार्डे आली, तेव्हा ‘इतक्या जणांना पाठवले नाहीत तर नुकसान होईल’ ही पुस्ती जोडली गेली आणि घरोघरी बायाबापड्या भीतीपोटी कार्डे लिहीत बसल्या. दुसरे असे की ‘लिखित्वा’ या शब्दात श्रम आहेत. आठ प्रती हाताने काढायच्या म्हणजे स्तोत्र आठ वेळा नजरेखालून जाते, आणि छपाईच्या आधीच्या काळात ग्रंथ टिकला तो अशाच नकलांमुळे. पुढे पाठवण्याला काहीच श्रम उरले नाहीत, तेव्हा २०१८ मध्ये व्हॉट्सॲपला भारतात एका वेळी पाचच ठिकाणी संदेश पुढे पाठवता येईल अशी मर्यादा घालावी लागली. स्तोत्रकर्त्याने आठांची मुभा दिली होती, हे येथे नमूद करायला हरकत नाही.

कूटश्लोक

अज्ञातवासाचा उल्लेख धागाकर्त्याने सुरुवातीलाच केला आहे, तर विराटपर्वाकडे जरा निवांत वळू, कारण माझ्या मते अख्ख्या महाभारतात इतके खळखळून हसवणारे पर्व दुसरे नाही.

टोपणनावे सर्वांना माहीत असतात : कंक, बल्लव, बृहन्नडा, ग्रंथिक, तंतिपाल आणि सैरंध्री. ओळख उघड झाली तर पुन्हा बारा वर्षे वनवास, अशी अट आहे. शस्त्रे लपवण्यासाठी ते स्मशानाजवळचा शमीवृक्ष निवडतात, आणि कोणी जवळ फिरकू नये म्हणून त्यावर एक प्रेत बांधून ठेवतात. वाटेतल्या गुराख्यांनी विचारले तर उत्तर तयार असते : ही आमची एकशे ऐंशी वर्षांची आई आहे आणि असे झाडाला बांधणे हा आमचा कुळाचार आहे. सत्यवचनी युधिष्ठिराच्या कुटुंबाने सांगितलेली ही थाप मूळ ग्रंथात आहे, कोणा विनोदी लेखकाने जोडलेली नाही. परवलीचा शब्द अनेक जण विसरतात. पांडवांचा परवलीचा शब्द विसरणे कोणालाच शक्य नव्हते.

नंतर येतो विराटाचा मुलगा उत्तर. कौरवांनी गाई पळवल्याची बातमी येते तेव्हा हा राजपुत्र अंतःपुरात स्त्रियांच्या घोळक्यात बसलेला असतो. तिथे तो जाहीर करतो की एक चांगला सारथी तेवढा मिळू दे, मग भीष्म, द्रोण, कर्ण या सगळ्यांना मी एकटा पाहून घेतो, आणि लोक म्हणतील की हा साक्षात अर्जुनच आहे की काय. अर्जुन हे ऐकत त्याच घरात नृत्य शिकवत असतो. सारथी म्हणून तोच निघतो, आणि निघताना उत्तरा आणि तिच्या मैत्रिणी सांगतात की बृहन्नडे, येताना आमच्या बाहुल्यांसाठी कौरवांची रंगीत, तलम वस्त्रे घेऊन ये. प्रत्यक्ष सैन्य दिसताच राजपुत्र रथातून उडी टाकून पळत सुटतो आणि अर्जुनाला धावत जाऊन त्याला पकडून आणावे लागते. घरबसल्या सर्वांना हरवणारी आणि समोर उभे राहायची वेळ आली की गायब होणारी मंडळी आपण रोज पाहतो, पण त्यांच्यामागे वेणी उडवत धावणारा बृहन्नडा आपल्याला दिसत नाही.

आणि वस्त्रांची गोष्ट अर्जुन विसरत नाही, हे मला सर्वांत आवडते. युद्धात संमोहनास्त्राने सगळे निपचित झाल्यावर तो उत्तराला सांगतो की द्रोण आणि कृपाचार्य यांची पांढरी, कर्णाचे पिवळे, अश्वत्थामा आणि दुर्योधन यांची निळी वस्त्रे उतरवून घे. भीष्मांजवळ मात्र जाऊ नकोस, ते शुद्धीवर असतील. एवढ्या मोठ्या लढाईचा लाभ म्हणून मुलींच्या बाहुल्यांना नवे कपडे मिळतात.

इकडे विराट आपल्या मुलाने कौरवांना हरवले म्हणून नगरभर गजर करतो. कंक शांतपणे म्हणतो की बृहन्नडा सारथी असल्यावर विजय होणारच. राजा संतापून हातातला फासा त्याच्या तोंडावर फेकतो आणि युधिष्ठिराच्या नाकातून रक्त येते. श्रेय कोणाचे यावर प्रतिसादांत कसे डोके फुटते, याचे यापेक्षा जुने उदाहरण मला माहीत नाही. पण उत्तर परत आल्यावर जे करतो त्याची नोंद कोणी घेत नाही, म्हणून येथे घेतो. बापाने सगळ्यांदेखत पाठ थोपटलेली असताना तो सांगतो की गाई मी जिंकल्या नाहीत, एका देवपुत्राने जिंकल्या. मी तर घाबरून पळत होतो. चुकून मिळालेली वाहवा भर सभेत परत करणे हे रणांगणाइतकेच अवघड असले पाहिजे.

ओवीकार

वाचायला आनंद झाला, तरी थोडा विरोध नोंदवतो. मी श्रीधरांच्या पांडवप्रतापावर वाढलेला माणूस आहे. आमच्याकडे पोथी लावत असत, आणि सांगणारा बुवा मध्ये थांबून स्वतःची पदरची वाक्ये घालत असे. पिढ्यान्‌पिढ्या असेच घडले आहे. मग ‘हे मूळ ग्रंथात कुठे आहे’ हा प्रश्न विनोदाला विचारणे मला रुक्ष वाटते. मयसभेत दुर्योधन पाण्यात पडला आणि द्रौपदी ‘आंधळ्याचा मुलगा आंधळा’ म्हणाली, हे मला ठाऊक आहे, माझ्या आईला ठाऊक होते आणि तिच्या आईलाही. ते वाक्य मूळ संहितेत नसले म्हणून आमच्या तीन पिढ्या खोट्या ठरतात काय?

शमीवृक्ष (धागाकर्ता)

ओवीकार, तुमचा आक्षेप मला मोलाचा वाटतो आणि तीन पिढ्यांना खोटे ठरवण्याचा विचारही माझ्या मनात नाही. पण उदाहरण तुम्ही असे निवडले आहे की त्यावर मला थांबावेच लागेल.

पुण्याच्या भांडारकर प्राच्यविद्या संशोधन संस्थेने १९१९ ते १९६६ या काळात १,२५९ हस्तलिखिते पडताळून महाभारताची चिकित्सक आवृत्ती सिद्ध केली. तिच्या सभापर्वात दुर्योधन पाण्यात पडतो तेव्हा हसणारे आहेत ते भीम, अर्जुन, नकुल, सहदेव आणि सेवकजन. द्रौपदी तिथे हसल्याचे नंतर सांगतो तो दुर्योधन, हस्तिनापुरात परतल्यावर, धृतराष्ट्राला चिथावताना. ‘आंधळ्याचा मुलगा’ हे वाक्य मात्र तोही तिच्या तोंडी घालत नाही. म्हणजे ज्याला सूड उगवायचा होता त्यानेही जे म्हटले नाही, ते आपण तिच्या नावावर चढवले, आणि पुढे भर सभेत तिची जी विटंबना झाली तिचे कारण म्हणून आजही सांगतो : बोलली नसती तर झाले नसते. मला येथे रुक्ष व्हायला हरकत वाटत नाही.

बुवा पदरचे वाक्य घालत तेव्हा समोर बसलेल्याला बुवा दिसत असत. त्यांची लकब, त्यांचे मिस्कील डोळे दिसत, आणि कथा कुठे संपली व बुवा कुठे सुरू झाले ते कळत असे. संदेशात बुवा गळून पडतात आणि फक्त वाक्य उरते.

नवा वाचक

मी येथे प्रथमच लिहितो आहे. वरची चर्चा वाचून घरातला एक प्रसंग सांगावासा वाटला. आमच्या कुटुंबाच्या गटावर थोरल्या काकांनी ‘जे झाले ते चांगल्यासाठीच झाले, जे होत आहे ते चांगल्यासाठीच होत आहे’ हा मजकूर गीतेतले वचन म्हणून पाठवला. त्याच आठवड्यात माझ्या आत्याच्या घरी मृत्यू झाला होता. तिने तो वाचला आणि मला वेगळा फोन करून विचारले, ‘अरे, हे खरंच भगवंतांनी म्हटलंय का रे?’ मी सातशे श्लोकांचे भाषांतर दोन रात्री बसून वाचले. असा श्लोक कुठेही नाही. मी आत्याला तसे सांगितले, तेव्हा ती म्हणाली, ‘बरं झालं बाई.’ काकांना काही सांगण्याचे धैर्य मला अजून झालेले नाही. असा खुलासा वडीलधाऱ्या माणसाला कसा सांगावा, हे कोणी सुचवील काय?

पाटीपेन्सिल

आत्यांचे ‘बरं झालं बाई’ मनात राहील.

खुलाशाची रीत स्यमंतक मण्याच्या कथेतच आहे, असे मला वाटते. आळ आल्यावर कृष्ण सत्राजिताशी वाद घालत बसत नाही. तो द्वारकेतली माणसे बरोबर घेऊन प्रसेनाच्या मागावर निघतो. प्रसेन आणि त्याचा घोडा सिंहाने मारलेला त्यांना दिसतो, पुढे तो सिंहही मेलेला दिसतो, आणि मग जांबवानाची गुहा लागते. लोकांना बाहेर ठेवून कृष्ण आत जातो. ते बारा दिवस वाट पाहतात आणि निराश होऊन परततात. आत अठ्ठावीस दिवस युद्ध चालते. म्हणजे तपास पूर्ण होण्याआधी सोळा दिवस साक्षीदार घरी निघून गेले होते, हेही किती ओळखीचे आहे! मणी मिळाल्यावर तो सत्राजिताला राजासमोर सभेत बोलावतो, काय घडले ते सांगतो आणि मणी त्याच्या हाती देतो. अपमानाचा एकही शब्द नाही. तरी सत्राजित मान खाली घालून घरी जातो.

तुम्ही काकांना आधी एकट्याने फोन करून सांगा, आणि नंतर गटावर त्यांनाच लिहू द्या. त्यांच्या हाती मणी द्या.

कूटश्लोक

सगळे सत्राजितासारखे शरमिंदे होत नाहीत, त्यांच्यासाठी शिशुपालाचा अध्याय आहे. कृष्णाने आत्याला त्याचे शंभर अपराध सहन करण्याचे वचन दिलेले असते. आपण सगळे ‘शंभर अपराध भरले’ एवढेच लक्षात ठेवतो. पण सभापर्वात सुदर्शन सोडण्यापूर्वी कृष्ण जमलेल्या राजांना शिशुपालाने केव्हा काय केले ते एकेक करून ऐकवतो, आणि वचनाची गोष्टही सांगतो. कारण न देता कोणाला एकदम बाहेर काढणे त्याला मान्य नव्हते असे दिसते.

ओवीकार

द्रौपदीच्या वाक्याबद्दल धागाकर्त्याचे म्हणणे मला पटले. इतकी वर्षे ते वाक्य मी चढ्या आवाजात सांगत आलो, याची खंत वाटते. पण बदल्यात एक विचारतो. ‘नरो वा कुंजरो वा’ आणि त्या वेळी कृष्णाने फुंकलेला शंख, हे तरी खरे आहे ना?

शमीवृक्ष (धागाकर्ता)

तुमच्या मनाच्या मोकळेपणापुढे हे लिहिताना संकोच वाटतो, पण नाही. भीम मालवराज इंद्रवर्म्याचा अश्वत्थामा नावाचा हत्ती मारतो, द्रोण युधिष्ठिराला विचारतात, आणि द्रोणपर्वातले शब्द आहेत ‘अव्यक्तमब्रवीद्राजन् हतः कुञ्जर इत्युत’. ‘हत्ती मेला’ हे तो स्वतःच अस्पष्ट बोलला. शंख नाही, ढोल नाही. त्याचा रथ आजवर जमिनीपासून चार अंगुळे वर चालत असे, तो त्या क्षणी खाली टेकला. शंख नंतर आला तो बहुधा युधिष्ठिराच्या प्रेमापोटी. आपला धर्मराज असे पुटपुटेल हे ऐकणाऱ्यांना सोसले नसावे. मूळ कथाकाराने मात्र ते सोसले आणि लिहून ठेवले. अर्धी चित्रफीत कापून पसरवणारा प्रत्येक जण नेमके हेच करतो : महत्त्वाचा शब्द असतो, पण ऐकू येणार नाही इतक्या हळू.

आणखी एक सांगायचे राहिले. मागच्या दिवाळीत या शंखावरच मी एक विनोद रचला होता : श्रीकृष्णाने युधिष्ठिराचा आवाज बंद केला, इत्यादी. तो आमच्या गटावर खूप गाजला आणि पुढे कुठे कुठे गेला ते मला माहीत नाही. आज सकाळी त्याच गटावर मूळ श्लोक आणि त्याचा अर्थ लिहून पाठवला, आणि विनोद माझ्या अज्ञानातून झाला होता असे स्पष्ट म्हटले. बराच वेळ कोणीच काही लिहिले नाही. नंतर माझ्या सातवीतल्या भाचीचा एकच प्रश्न आला : ‘मामा, मग रथ पुन्हा वर गेला का?’

उद्या स्वर्गारोहणपर्व उघडून तिला उत्तर देणार आहे. कोणाला त्याआधी सापडले तर येथे लिहावे.